सतरा नंबरच्या खडावा

१

पडद्यावरची बाई प्रेतासारखी नेसून घरी परत आली, तेव्हा मात्सुबा थेटरातल्या तीनशे बायकांच्या तोंडून एकच आवाज निघाला. किंचाळी नव्हती. तापल्या तव्यावर पाणी पडलं की येतो तसा.

मी दारातल्या पडद्याआडून बघत होते. माझं काम खडावा सांभाळायचं. आत जाताना लोक पायातलं माझ्याकडे देतात, मी त्यांना नंबराचा लाकडी बिल्ला देते, त्याच नंबराचा दुसरा बिल्ला खडावांना अडकवून त्या फळीवर ठेवते. खेळ सुटला की सगळे एकदम अंगावर येतात. म्हणून शेवटचं रीळ मी उभ्याने बघते.

‘वाफ’ नावाचा सिनेमा. ओनुई नावाची सून. पहाटे उठते, चूल पेटवते, मागावर बसते, सासूचे पाय चेपते, नवऱ्याची बोलणी खाते, सगळ्यांचं झाल्यावर उभ्याने गार भात खाते. आमच्या किर्यू गावात घराघरात माग आहे आणि प्रत्येक मागावर एक ओनुई बसलेली आहे, त्यामुळे पहिल्या दोन दिवसांत बायकांनी थेटर डोक्यावर घेतलं होतं. खरं कारण शेवट. शेवटी ओनुई चुलीपुढून उठते, हातात भातवाढी, भात वाढायचा लाकडी पळा. सासूने जी लग्नानंतर बारा वर्षांनी तिच्या हातात दिली, म्हणजे आता घर तुझं, असं म्हणून. ती डावीकडे चालत जाते. मग दिसतं, तिने भातवाढी सासूच्या मांडीवर ठेवलीय. आणि फाटकातून बाहेर. रिकाम्या हाताने. बस्स. संपलं.

आज तिसरा दिवस, दुपारी बाराचा खेळ. ओनुई चुलीपुढून उठली, डावीकडे गेली. आणि लगेच डावीकडून परत आली! हातात कांद्याच्या पातीची जुडी. घर सोडून गेली की भाजी आणायला गेली? पण कांद्याचं सोडा. तिच्या किमोनोची उजवी बाजू वर होती. आम्ही सगळे डावी बाजू वर घेऊन नेसतो. उजवी वर फक्त प्रेताला नेसवतात.

ती तशी हसत उंबऱ्यात आली आणि दिवे लागले.

बायका गप्प उठल्या. एक म्हातारी बिल्ला देताना म्हणाली, “पोरी, घरी गेलीस की मयताहून आल्यावर टाकतो तसं अंगावर मीठ टाकून घे.”

पाच मिनिटांत फळ्या रिकाम्या. फक्त सतरा नंबर तेवढा होता. बायकी खडावांचा जुना जोड, कालपासून तिथेच. काल दुपारी एक बाई आत गेली होती आणि माझ्या हिशेबाने अजून बाहेर आलेली नव्हती.

“मालक,” मी म्हटलं, “हे सतरा नंबर...”

मालक कुवाबारा ऐकत कुठे होते! ते जिन्यावरून इवाओकाकांना गळपट्टीला धरून खाली ओढत होते. इवाओकाका आमचे मशीनवाले. वीस वर्षं पडद्यावर सिनेमा सोडतायत.

“शेवटाचा तुकडा कुठाय? विकलास? प्यायलास?”

“मी कशाला कापू? मी झोपलो होतो!”

“झोपला होता!” मालक दारातल्या हवालदाराकडे वळले. “हवालदार, ऐकलंत ना? संध्याकाळी सहाच्या गाडीने रिळं आशिकागाला जायची आहेत. तीनचा खेळ सुटेपर्यंत तुकडा मिळाला नाही तर याला घेऊन जा.”

“मालक,” मी पुन्हा म्हटलं, “कालपासून एक जोड पडलाय. बाहेर रस्त्यावर बर्फ गोठलंय. बाई अनवाणी गेली असेल?”

“बंबात घाल तो जोड. तोमे, तुला कशाला ठेवलंय? डोकं चालवायला?”

माझं नाव तोमे. म्हणजे ‘आता पुरे’. पाचवी मुलगी झाली तेव्हा बाबांनी ठेवलं. शाळेतल्या बाईंनी ‘बाईने आधी बापाचं, मग नवऱ्याचं, मग मुलाचं ऐकावं’ हे शंभर वेळा लिहायला लावलं, तेव्हा सदतिसाव्या वेळी मी दौत फेकली. तेव्हापासून शाळा बंद, खडावा.

कानशिलं तापली माझी. तीस हात फिल्म हरवली तर हवालदार. अख्खी बाई हरवली तर बंब.

मी सतरा नंबर उचलून जाकिटात घातला. म्हटलं, आता दोन्ही शोधते.

२

आधी मशीनची खोली. इवाओकाका खुर्चीवर डोकं धरून बसलेले. दोन बोटं जळून आखडलेली, त्यांनीच कपाळ चोळत होते.

“काका, खरं सांगा, कापलंत?”

“तूपण?”

“मी विचारतेय. मालक ठरवून बसलाय. फरक आहे.”

ते उठले. रीळ उलगडून खिडकीच्या उजेडात धरलं. “हे बघ. जोड कसा मारलाय? माझ्या पहिल्या वर्षीच्या पोऱ्यानेही असा मारला नसता. आणि तुकडा पालथा घातलाय. फिल्मला एक चकचकीत बाजू असते, एक मंद. अंधारात बोट फिरवलं तरी मला कळतं. म्हणून तर ती उजवी बाजू वर दिसली. बाई उलटी नेसली नव्हती, तुकडा उलटा होता.”

“पालथा कशाला घालायचा पण?”

“चुकून.”

मी जिन्यात बसून हातवारे करून बघितलं. ओनुई जाते डावीकडे. कांद्याची पात घेऊन परत येते तो तुकडा पहिल्या रिळातला, बाजाराचा. त्यात ती येते उजवीकडून. डावीकडे गेलेली बाई उजवीकडून परत आली तर गाव हसेल, ही काय डोंगराला वळसा घालून आली काय! म्हणून कुणीतरी तुकडा पालथा केला. चुकून नाही, विचार करून. फक्त नखाएवढ्या चित्रात गळपट्टी बघायची राहिली.

म्हणजे ज्याने केलं त्याला गोष्ट सांगायची अक्कल होती. फिल्म जोडायची नव्हती.

“काका, तुम्ही सुटलात.”

“कोणी सोडलं मला?”

“मी.”

ते हसले नाहीत. “इथे वर कोण कोण येतं?” मी विचारलं.

“मालक येतात बोंबलायला. हवालदार येतो, माझ्या शेगडीवर हात शेकायला. मास्तर येतात, पडद्याशेजारी उभं राहून बोलायचं ते रिळं बघून बसवायला. आणि आता तू. मी सकाळी दहा ते अकरा झोपतो हे सगळ्या किर्यूला माहीत आहे.”

“तुकडा जाळला असेल का कुणी?”

“फिल्म जाळली तर भपकन पेटते, भुवया जातात. ज्याला माहीत आहे तो जाळत नाही, लपवतो.”

खाली आले तर ताकीमावशी उशा गोळा करत होती. थेटरात उशी आणि चहा भाड्याने देते ती. जीभ तिच्या किटलीहून गरम.

“मावशी, काल दुपारचा खेळ. मध्यंतर जास्त झालं होतं का?”

“झालं होतं की! दोन किटल्या जास्त खपल्या. मास्तरांचा घसा बसला म्हणे. मागच्या दाराला रिक्षा बोलावली, औषध आणायला.”

“मास्तर रिक्षात बसले?”

“मी काय मागच्या दाराला टांगलेली असते? रिक्षा आली, रिक्षा गेली. मास्तर दुसऱ्या अर्ध्याला हजर होते. घसा एकदम मधासारखा.”

मग औषध आणायला गेलं कोण?

३

हवालदार नोनाका थेटरात पोलिसांसाठी राखलेल्या उंच खुर्चीवर बसून भाजलेलं रताळं सोलत होते.

“हवालदारसाहेब, हा शेवट तुम्हाला आवडला नव्हता ना?”

“पहिल्याच दिवशी मालकाला सांगितलं, हा शेवट घराघरात आग लावणार. माझी बायको बघून आली आणि दोन दिवस भांडी आपटतेय.”

“मग तुम्हीच कापलात?”

“ए शहाणे! मला कापायचं असतं तर उजेडात कापलं असतं, सही करून. मला चोरून कापायची काय गरज? कागदावर वरच्या साहेबांचा शिक्का आहे म्हणून मी गप्प बसलो.”

खरं होतं. ज्याच्या हातात कात्री द्यायला सरकार बसलंय तो चोरून कापत नाही. आणि मालक? त्या शेवटासाठी तर बायका दोन-दोनदा येत होत्या. मालक स्वतःचं नाक कापेल, तो तुकडा कापणार नाही.

“आणखी एक,” मी म्हटलं. “काल एक बाई आत आली, बाहेर गेली नाही. तिच्या खडावा माझ्याकडे आहेत.”

“कोण बाई?”

“माहीत नाही.”

“तक्रार कुणाची आहे?”

“माझी.”

“तू कोण तिची? नवरा तक्रार देतो तेव्हा बाई हरवते. तोवर ती कुठेतरी गेलेली असते.” रताळ्याचं साल माझ्या पायापाशी टाकलं. “हे उचल.”

मी नाही उचललं.

माझ्या टेबलाशी येऊन जाकिटातून जोड काढला. मला चेहरे लक्षात राहत नाहीत, पाय राहतात. डोळे मिटले. काल दुपार, गर्दी, उजव्या घोट्यावर भाजल्याचा जुना डाग, आवळून बांधलेलं गाठोडं काखेत. गाठोडं! सिनेमाला कुणी गाठोडं घेऊन येतं? गाडी पकडायची असेल तर येतं. त्या वेळी मला सुचलंच नाही.

डाव्या खडावेचा पट्टा तुटायला आला होता. कुणीतरी तो चिंधीने आवळून दुरुस्त केलेला, चिंधी मळून काळी पडलेली. मी गाठ सोडली आणि चिंधी उलटी केली.

आतल्या बाजूने कापड नव्यासारखं होतं. मोरपिशी रेशीम, त्यात नखाएवढ्या चांदीच्या चंद्रकोरी.

हे कापड किर्यूत एकाच मागावर विणलं गेलं. आमच्या. आईने चाळीस दिवस घालवले होते त्याच्यावर, डोळे सुजेपर्यंत. बारा हात विणलं आणि बाराच्या बारा हात एकाच माणसाच्या घरी गेलं.

४

मास्तर. कुरोदा सेईगेत्सु. आमचे बेन्शी.

सिनेमातली माणसं ओठ हलवतात पण आवाज नसतो, मग पडद्याशेजारी उभं राहून सगळ्यांचं बोलतो तो बेन्शी. परदेशात आता बोलणारा सिनेमा निघतोय म्हणतात, मास्तर म्हणतात थोतांड आहे. आणि मास्तर ओनुईचं बोलायला लागले की बायका रडून रडून बाह्या भिजवायच्या. “घर माझं कधी नव्हतंच, सासूबाई. फक्त चूल माझी होती.” हे मास्तरांचं स्वतःचं वाक्य. सिनेमाच्या पाट्यांवर नाही ते. मीपण रडले होते, च्यायला.

मास्तर आरशापुढे बसून कच्चं अंडं घशात सोडत होते. भोवती बायकांनी पाठवलेल्या घेवड्याच्या गोड वड्यांचे डबे. खुंटीवर त्यांचा काळा झगा, अस्तर बाहेर केलेलं. मोरपिशी, चंद्रकोरी.

“ये तोमे. वडी घे.”

“नको. मास्तर, वहिनी दिसल्या नाहीत दोन दिवस.”

“अगं, तिची आई आजारी. परवा सकाळीच माएबाशीला गेली. पहिला खेळसुद्धा बघायला मिळाला नाही बिचारीला.”

परवा गेली म्हणे. आणि खडावा काल माझ्या हातात देऊन आत गेली. तोंडाशी आलं होतं, पण गिळलं. या एका वेळेला गिळलं.

“इवाओला सोडवायला हवं काहीतरी करून,” मास्तर हळहळले. “म्हातारा माणूस, चूक होते. आजचा शेवट पण वाईट नव्हता, नाही? बाई घरी आली. सगळ्यांना बरं वाटतं.”

बरं वाटतं! एवढं ऐकलं आणि माझं टाळकं फिरलं.

“मास्तर, तुम्ही आधी बोललात.”

“काय?”

“पहिले दोन दिवस ओनुई चुलीपुढून उठली की तुम्ही गप्प व्हायचात. सगळं थेटर श्वास धरायचं. आज तुम्ही तिथे बोललात. ‘पण पावलं अडखळली, चूल मागून हाक मारत होती.’ तेव्हा ती अजून जातच होती! परत यायचा तुकडा पडद्यावर आलाच नव्हता. मशीनवरचे काका दचकले, हवालदार खुर्चीतून उठले, मालकाच्या हातातला पंखा पडला. तुम्हाला तेवढं काहीच नवीन नव्हतं. ती परत येणार हे तुम्हाला कुणी सांगितलं?”

आरशात मास्तर मला बघत होते. आवाज तसाच मधाचा.

“तुझ्या आईकडे माझं नवीन कापड चढलंय ना मागावर? चार महिन्यांचं काम. घरात पाच मुली. सांभाळून बोलावं, पोरी.”

आईची बोटं आठवली. हा माणूस एक शब्द बोलला तर आमची चूल विझते. आणि हाच माणूस रोज दोनदा चुलीबद्दल रडवतो!

तेवढ्यात तीनची घंटा झाली. मास्तरांनी झगा चढवला, पंखा घेतला, माझ्या डोक्यावर टपली मारली आणि स्टेजवर गेले.

टपली मारली नसती तर कदाचित मी घाबरले असते.

बेन्शी एकदा स्टेजवर चढला की दोन तास हलू शकत नाही. हे माझ्याइतकं कुणाला माहीत होतं?

५

“मावशी, चल.”

“कुठे? माझी किटली...”

“मास्तरांच्या घरी. शेगडीचा चिमटा घे.”

काय बघितलं माझ्या तोंडावर कोण जाणे. मावशीने किटली उतरवली, चिमटा घेतला आणि बाह्या खोचल्या. टेबलाशी मी पाटी लावली, ‘खडावा खेळ सुटल्यावर मिळतील’, आणि आम्ही दोघी पळालो. रंगाऱ्यांच्या कालव्याशेजारी मास्तरांचं घर. फाटक उघडं. दार उघडं. आत चूल गार. कोनाड्यात चपलांची जागा, तिथे मास्तरांचेच जोड. बायकी एकही नाही.

“माहेरी गेली तर घरातल्या सगळ्या खडावा पायात घालून गेली होय?” मावशी म्हणाली.

परसात मातीच्या जाड भिंतीचं कोठार. दाराला बाहेरून आडणा, आडण्याला कुलूप. खाली, फटीपाशी, रिकामी वाटी. भाताची दोन शितं वाळून चिकटलेली.

मी हाक मारायला तोंड उघडलं आणि लक्षात आलं, हिचं नाव मला माहीत नाही. ‘मास्तरीणबाई’ म्हणतात सगळे. मग मी थेटरात मारते तशी मारली, पोटातून.

“सतरा नंबर!”

काहीच नाही. कालव्याचं पाणी.

“सतरा नंबर! खडावा आणल्यात!”

आतून काहीतरी सरपटलं. दाराखालच्या फटीतून चार बोटं आली, त्वचा फुटलेली, आणि त्या बोटांनी एक लाकडी बिल्ला बाहेर ढकलला. माझ्याच अक्षरात, सतरा.

मावशीने एक शिवी दिली, जी मी इथे लिहीत नाही, आणि चिमटा कोयंड्यात घातला. तिसऱ्या हिसक्याला कोयंडा निघाला.

बाई उजेडात आली, डोळे मिचकावत. उजव्या घोट्यावर भाजल्याचा डाग. अनवाणी.

“नाव काय तुमचं?” मी विचारलं.

तिलापण जरा वेळ लागला. “शिगे.”

मी खडावा पुढे ठेवल्या. तिने पाय घातले. पट्टा मी बांधून दिला.

तिने सांगितलं ते असं. पहिल्या दिवशी ती चोरून सिनेमा बघून आली. सकाळी उठली, भातवाढी मास्तरांच्या मांडीवर ठेवली आणि म्हणाली, घर माझं कधी नव्हतंच, फक्त चूल माझी होती. मास्तर आधी हसले. मग कपाटातला तिचा रेशमी जोड, पावसाळी जोड, सगळं उचलून कालव्यात टाकलं. हा एक जुना जोड परसात होता म्हणून वाचला.

“दुपारी गाठोडं घेऊन निघाले, गाडीला वेळ होता,” ती म्हणाली. “वाटलं, तो शेवट एकदा परत बघून जावं. जायचं धाडस आणखी थोडं लागत होतं. पुढे बसायला नको होतं. स्टेजवरून दिसले त्यांना.”

“मध्यंतरात बोलावलं?”

“म्हणाले, मागच्या दाराशी ये, दोन शब्द बोलतो, मग जा. दोन शब्द. रिक्षावाल्याला म्हणाले, बायकोच्या डोक्यावर परिणाम झालाय, घरी पोचवायचीय, माझा भाऊ दारात उभा आहे, तो बघून घेईल. दिराने कोठारात कोंडून कुलूप घातलं. आज सकाळी अकराला ते आले. दार उघडून हे अंगावर फेकलं.” तिने किमोनोच्या आतून काढलं. फिल्मची गुंडाळी. “म्हणाले, घे तुझा शेवट. आता जपानभर ती बाई कुठेही जाणार नाही. माझे शब्द माझ्यावर फेकतेस काय!”

ताकीमावशी फिल्म उजेडात धरून बघत होती. इवलीशी भातवाढी, इवलीशी मांडी, इवलं फाटक.

“सहाची गाडी आहे,” मी म्हटलं. “थेट स्टेशनवर जाऊ. मागून गेलो तर कुणी बघणार नाही.”

“नाही,” शिगे म्हणाली. ती स्वयंपाकघरात गेली आणि भातवाढी घेऊन आली. “आधी थेटर.”

६

आम्ही पोचलो तेव्हा शेवटचं रीळ चालू होतं. मी दारात सवयीने हात पुढे केला. थेटरात कुणी पायातलं घालून जात नाही, राजा आला तरी.

तिने माझ्या हाताकडे बघितलं. मी हात मागे घेतला.

खट. खट. खट.

मधल्या वाटेवर लाकडी फळ्या आहेत. तीनशे माना वळल्या. पडद्यावर ओनुई चुलीपुढून उठत होती, हातात भातवाढी, आणि खालून तशीच एक बाई तशीच भातवाढी घेऊन चालत चालली होती. बाराच्या खेळाची बातमी गावात फिरली होती, बायका आज मुद्दाम ते भूत बघायला आल्या होत्या.

“पण पावलं अडख...” मास्तर म्हणाले.

खट. खट.

तिने स्टेजपाशी जाऊन मास्तरांच्या मेजावर, त्यांच्या दिव्याच्या उजेडात, भातवाढी ठेवली. पडद्यावर पालथी ओनुई कांद्याची पात घेऊन आत आली. कुणी बघितलं नाही तिच्याकडे.

मास्तरांचं तोंड उघडं होतं. राजांचं, चोरांचं, रडणाऱ्या आयांचं, कुत्र्यांचंसुद्धा बोलणारा माणूस. आवाज येईना.

“बोला की मास्तर!” मागच्या रांगेतून कुणीतरी ओरडलं.

“बायकोचं बोला!” दुसरीने टाकलं. “आमचं तर छान बोलता!”

“घसा बसला का? रिक्षा बोलावू?” ही ताकीमावशी.

आणि मग तो आवाज. तापल्या तव्यावर पाणी पडल्यासारखा, पण या वेळी थांबेचना.

हवालदार आले. मी फिल्मची गुंडाळी त्यांच्या हातात दिली, कुठे सापडली ते सांगितलं, मास्तरांनी आधीच बोललेलं वाक्य सांगितलं, कोठार सांगितलं. त्यांनी वहीत लिहिलं. लिहून झाल्यावर वाचून दाखवलं: कंपनीची फिल्म कापून चोरल्याबद्दल बेन्शी कुरोदा ताब्यात.

“आणि कोठार?” मी विचारलं. “एक रात्र! या थंडीत!”

“नवऱ्याने स्वतःच्या बायकोला स्वतःच्या कोठारात ठेवलं. त्याला मी काय नाव देऊ?”

“माझ्याकडे आहेत नावं. लिहून घ्या.”

“तोमे!” मालक ओरडले.

मी ओरडले नाही. नावं सांगितली. पाच-सहा सांगून झाली तेव्हा हवालदारांनी वही मिटली आणि ते मास्तरांना घेऊन गेले. चोरीसाठी. तेवढ्यासाठी.

इवाओकाकांनी तो तुकडा परत जोडला, चकचकीत बाजूवर चकचकीत. वीस मिनिटं लागली. मालकांनी त्यांची माफी मागितली नाही, फक्त शेगडीत कोळसे टाकले. आईच्या मागावरचं ते नवीन कापड आता कोण घेणार माहीत नाही. संध्याकाळी मी सांगितल्यावर तिने माग थांबवला. मग म्हणाली, चंद्रकोरी मला कधी आवडल्याच नव्हत्या, आणि धागे उसवायला बसली.

सहाच्या गाडीने आशिकागाला दोन गोष्टी गेल्या. ‘वाफ’ची सात रिळं, शेवट जागेवर. आणि शिगे. तिथे सूत कातायच्या कारखान्यात तिची मैत्रीण आहे. गाठोडं सापडलं नाही, म्हणून रिकाम्या हातानेच. गाडी हलली तेव्हा तिने खिडकीतून माझ्याकडे बघितलं आणि बिल्ला मागितल्यासारखा हात पुढे केला. मला हसू आलं. मग रडू आलं. मग राग.

परत येऊन फळ्या पुसल्या. एक ते तीनशे, सगळ्या जागा बघितल्या, रोज बघते तशा. सतरा नंबर रिकामा होता.